कंपनीच्या पगारावरचा नट : जुन्या चित्रपटांतील दुय्यम कलावंतांचा पेशा

लातूर जिल्ह्यातील एका वाचकांनी विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. त्यांच्या आजोबांचे धाकटे बंधू १९३० च्या सुमारास घर सोडून कोल्हापूरला गेले, पुढे काही वर्षे पुण्यात राहिले आणि ‘सिनेमात होते’ असे घरात आजही सांगितले जाते. त्यांचा एकच फोटो शिल्लक आहे. त्यात ते दाढी लावून, अंगरखा घालून, हातात भाला घेऊन उभे आहेत. ते अधूनमधून घरी कलदार रुपये पाठवीत, एवढीच आणखी एक आठवण आहे. कोणत्याही चित्रपटाच्या श्रेयनामावलीत त्यांचे नाव सापडत नाही. तेव्हा ते खरोखर नट होते की घरच्यांनी रचलेली ती एक गोष्ट आहे, अशा माणसाचा पेशा त्या काळी कसा चाले आणि आज त्याचा माग काढता येईल का, असे त्यांना जाणून घ्यायचे आहे.

जुन्या मराठी चित्रपटांच्या छायाचित्रांतील आणि रिळांतील माणसांची ओळख पटवण्याचे काम मी दीर्घकाळ करीत आलो आहे, आणि मराठवाड्यातील घरांतून असे प्रश्न माझ्याकडे वरचेवर येतात. पहिली गोष्ट स्पष्टपणे सांगतो : श्रेयनामावलीत नाव नाही, एवढ्यावरून ते नट नव्हते असे म्हणता येत नाही. आज आपण नटाची कारकीर्द म्हणजे त्याच्या चित्रपटांची यादी असे समजतो. त्या काळचा दुय्यम भूमिका करणारा माणूस मात्र चित्रपटागणिक काम घेत नसे. तो कंपनीचा महिनेमहाल पगारी नोकर असे, आणि अभिनय हा त्याच्या नोकरीतील अनेक कामांपैकी एक भाग असे. त्यामुळे त्याची कारकीर्द शोधायची तर आधी त्याची कंपनी शोधावी, तिथे तो कोणत्या वर्षी शिरला आणि कोणत्या वर्षी बाहेर पडला ते ठरवावे, आणि मगच त्या वर्षांतल्या चित्रपटांकडे वळावे. पडद्यावरच्या नावापासून सुरुवात केली की शोध पहिल्याच पावलावर अडतो, आणि बहुतेक कुटुंबांच्या बाबतीत नेमके हेच घडते.

ही पगारी पद्धत दादासाहेब फाळके यांच्यापासूनच सुरू झाली. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’साठी स्त्रीभूमिका करायला कोणी बाई मिळेना, तेव्हा मुंबईत एका खाणावळीत दरमहा दहा रुपयांवर स्वयंपाकी असलेले अण्णा साळुंके यांना फाळक्यांनी पंधरा रुपये देऊ करून तारामतीच्या भूमिकेसाठी आणले. त्याच साळुंके यांनी १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या आणि पुढे ते कॅमेऱ्यामागे जाऊन छायालेखक झाले. स्वयंपाकी, नट, छायालेखक हा प्रवास आज विलक्षण वाटतो, पण कंपनीच्या दृष्टीने त्यात नवल काहीच नव्हते. माणूस पगारावर होता आणि ज्या कामाला त्याचा हात बसे ते काम त्याने करावे, एवढाच हिशोब होता. बाहेरच्या लोकांनी विचारले तर आपण ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत’ कामाला आहोत असे सांगावे, अशी सूचना फाळक्यांनी आपल्या माणसांना दिली होती, हा प्रसंग प्रसिद्धच आहे. सिनेमात काम करणे ही उघडपणे सांगण्याजोगी गोष्ट नव्हती, आणि ही लपवाछपवी मराठवाड्यातल्या घरांतून तर पुढची वीस-पंचवीस वर्षे टिकून राहिली. तुमच्या घरात हे सांगितले जाते, हेच मला त्या गोष्टीच्या खरेपणाचे एक लक्षण वाटते, कारण त्या पिढीत असल्या गोष्टी खोट्या रचून मिरवण्याकडे कुणाचा कल नसे. असलेल्या गोष्टीही दडवल्या जात.

कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने हीच पद्धत आणखी पक्की केली. तिथे शिरलेला मुलगा रंग कालवणे, पडदे रंगवणे, फिल्म धुणे, सामान वाहणे, कपडे सांभाळणे अशा कामांतून वर येई, आणि दिसायला बरा असला वा तालमीतले शरीर असले की त्याला कॅमेऱ्यासमोर उभे केले जाई. व्ही. शांताराम हे याचे सर्वांत ठळक उदाहरण आहे. पडेल ते काम करण्यासाठी कंपनीत आलेल्या या तरुणाने १९२१ च्या ‘सुरेखाहरण’मध्ये भूमिका केली आणि १९२३ च्या ‘सिंहगड’मध्ये, विशी नुकतीच ओलांडलेली असताना, ऐंशीच्या घरातला शेलारमामा उभा केला. पुढे ते दिग्दर्शक झाले नसते, तर आज आपण त्यांना दुय्यम भूमिका करणारा एक कोल्हापुरी नट म्हणूनच ओळखले असते, किंवा कदाचित ओळखलेही नसते. १९२० च्या ‘सैरंध्री’त भीमाची भूमिका करणारे बाळासाहेब यादव आणि कीचक झालेले झुंझारराव पवार यांची नावे टिकली, कारण कीचकवधाचा प्रसंग इतका खराखुरा वाटला की त्याला परीक्षण मंडळाची कात्री लागली आणि त्याची चर्चा झाली. त्याच चित्रपटात विराटाच्या दरबारात उभ्या असलेल्या माणसांची नावे कुणी लिहून ठेवली नाहीत.

मूकपटातल्या या माणसांचा अभिनय आपल्याला आज जवळजवळ पाहताच येत नाही, ही फार मोठी हानी आहे. भारतात सुमारे १३०० मूकपट तयार झाले आणि त्यांतले पूर्ण वा तुकड्यांच्या रूपात उरलेले जेमतेम तीसच्या आसपास आहेत. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती लवकर कुजते आणि पेटली की विझवता येत नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात जुन्या नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि जे उरले होते त्यातलाही मोठा भाग गेला. तुमचे चुलत आजोबा १९३० मध्ये गेले असतील, तर ते नेमके मूकपटाच्या अखेरच्या दीड-दोन वर्षांत कोल्हापूरला पोहोचले. १ जून १९२९ रोजी शांताराम, विष्णुपंत दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांनी प्रभात फिल्म कंपनी काढली होती, आणि नव्या कंपनीला माणसांची गरज होती. प्रभातने सहा मूकपट काढले. त्यांत १९३० चा ‘उदयकाल’ शिवकालावरचा होता, आणि अंगरखा नि भाला असलेल्या फोटोचा विचार करताना त्याची आठवण प्रथम होते.

लातूरहून कोल्हापूरला जाणे त्या काळी आपल्याला वाटते तितके अवघड नव्हते, हेही लक्षात घ्यावे. बार्शी लाइट रेल्वेची छोटी गाडी १९११ मध्ये लातूरपर्यंत आली आणि १९२७ मध्ये तिचे दुसरे टोक पंढरपूरच्या पुढे थेट मिरजेला जाऊन भिडले. म्हणजे मोगलाईतल्या, निजामाच्या राज्यातल्या, लातुरात गाडीत बसलेला मुलगा येडशी, बार्शी, कुर्डूवाडी, पंढरपूर करीत मिरजेला उतरे आणि तिथून कोल्हापूर काही तासांवर असे. जालना, परभणी, नांदेडकडची मुले मनमाडमार्गे नाशिकला वा मुंबईला जात. लातूर-उस्मानाबादकडची कोल्हापूरकडे वळत, याचे मुख्य कारण हा रेल्वेमार्ग आहे असे माझे मत आहे. खुद्द निजामाच्या राज्यात या पेशाला वाव राहिला नव्हता. धीरेन गांगुली यांनी हैदराबादेत लोटस फिल्म कंपनी काढून काही वर्षे चित्रपट केले, पण १९२४ मध्ये ‘रझिया बेगम’ दाखवल्यावरून निजामाने त्यांना राज्याबाहेर जायला लावले. मराठवाड्यातल्या मुलाला नट व्हायचे तर हद्द ओलांडावीच लागे.

आणि इथेच तुमच्या घरातल्या ‘कलदार’च्या आठवणीचे मोल कळते. मोगलाईत हाली सिक्का चाले. इंग्रजी हद्दीतले, तसेच कोल्हापुरातले नाणे कलदार. शंभर कलदार रुपयांचे सुमारे ११६ ते ११७ हाली रुपये होत. घरच्यांनी नेमका ‘कलदार’ हा शब्द जपला, याचा अर्थ पैसे हद्दीबाहेरून येत होते आणि ते नियमित पगाराचे असण्याची शक्यता मोठी आहे. केवळ जमावातल्या कामासाठी दिवसाच्या मजुरीवर बोलावलेला माणूस घरी पैसे पाठवू शकत नसे. तेव्हा पहिल्या प्रश्नाचे उत्तर मी ‘बहुधा होय, ते कंपनीच्या हजेरीपटावर होते’ असे देईन. मात्र ते त्या पटावर नट म्हणून होते, की रंगशाळेत वा कपडेपटात होते आणि गरज पडली की भाला घेऊन उभे राहत, हे त्यावरून ठरत नाही. दोहोंत त्या काळी फारसा भेद केला जात नसे, हेही तितकेच खरे.

बोलपट आल्यावर या माणसांची खरी चाळणी झाली. १४ मार्च १९३१ रोजी ‘आलम आरा’ प्रदर्शित झाला आणि पुढच्याच वर्षी फेब्रुवारीत प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ आला. गाणी तिथल्या तिथे, चित्रीकरण चालू असतानाच ध्वनिमुद्रित होत. पार्श्वगायनाची सोय भारतात १९३५ पर्यंत आली नव्हती. त्यामुळे प्रमुख भूमिका गाणाऱ्यांकडे गेल्या. हरिश्चंद्राच्या भूमिकेला गोविंदराव टेंबे आले, पुढे तुकारामाच्या भूमिकेला विष्णुपंत पागनीस आले, आणि दोघेही संगीत रंगभूमीचे. मूकपटात शरीराच्या आणि चेहऱ्याच्या बळावर पुढे आलेली तालमीतली माणसे मागच्या रांगेत सरकली. त्याच वेळी संगीत नाटक कंपन्या एकामागून एक बंद पडत होत्या आणि त्यांतले गद्य नट चित्रपटांकडे येत होते. दुय्यम भूमिकांचा दर्जा एकदम उंचावला तो या मंडळींमुळे. केशवराव दाते यांना रंगमंचाचा इतका अनुभव होता की आवाज खाली आणून बोलायचे कसे, हे त्यांनी फार लवकर आत्मसात केले. १९३७ च्या ‘कुंकू’मधील त्यांचे काकासाहेब पाहताना नाटकी हेल कुठेही ऐकू येत नाही. बाबूराव पेंढारकर तर कंपनीचे व्यवस्थापन सांभाळता सांभाळता नट झालेले. ‘अयोध्येचा राजा’तील त्यांचा गंगानाथ पाहिला की खलनायकाने आरडाओरडा न करता किती दहशत बसवता येते ते कळते. हा चित्रपट सुदैवाने आज उपलब्ध आहे.

प्रभातचे बरेच चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत एकाच वेळी काढले जात. एक दृश्य मराठीत झाले की त्याच सेटवर, त्याच प्रकाशात, तेच हिंदीत. महत्त्वाच्या भूमिकांसाठी कधी नट बदलला जाई. १९३४ च्या ‘अमृतमंथन’मध्ये राजगुरूची भूमिका मराठीत दाते यांनी आणि हिंदीत चंद्रमोहन यांनी केली. १९४१ च्या ‘शेजारी’त पाटील दाते झाले आणि हिंदी ‘पडोसी’त तीच भूमिका मझहर खान यांनी केली, मिर्झा मात्र दोन्हींत गजानन जागीरदारच होते. पण दुय्यम भूमिकांसाठी प्रत्येक वेळी दुसरा माणूस आणणे परवडण्यासारखे नव्हते. एखादे वाक्य असलेला शिपाई, दवंडीवाला, दुकानदार यांना दोन्ही भाषांत बोलता यावे लागे. इथे निजामाच्या राज्यातून आलेल्या मुलाला एक वाढीव गुण होता असे मला निश्चित वाटते, कारण तिथल्या शाळेत आणि कचेरीत उर्दू चाले. चार इयत्ता शिकलेल्या मराठवाड्यातल्या मुलाला ‘हुजूर’, ‘हुक्म’, ‘गिरफ्तार’ हे शब्द घोटून घ्यावे लागत नसत. उलट मराठीत त्याची अडचण होई. ‘काय करायलाव’ असे बोलणाऱ्या लातूरच्या मुलाला पुणेरी वळणाचे संवाद चटकन जमणे कठीण होते. तेव्हा तुमच्या चुलत आजोबांचा शोध घेताना मराठी चित्रपटांवरच थांबू नका. हिंदी आवृत्तीही तितक्याच काळजीपूर्वक पाहा. दोन आवृत्त्यांतला एकच प्रसंग शेजारी शेजारी लावून पाहिला, तर मराठीत मुका असलेला माणूस हिंदीत एखादे वाक्य बोलून जातो, असे अधूनमधून दिसते.

या सगळ्या पेशातले सर्वोच्च शिखर कोणते, असे विचारले तर मी क्षणाचाही विलंब न लावता गौरी यांचे नाव घेईन. प्रभातमध्ये किरकोळ कामांपासून सुरुवात केलेल्या, नाटकाची वा गाण्याची तालीम न मिळालेल्या या बाईंनी १९३६ च्या ‘संत तुकाराम’मध्ये तुकारामांची पत्नी उभी केली. आजारी मुलाला फरफटत घेऊन ती देवळात जाते आणि हातात वहाण घेऊन पांडुरंगाला जाब विचारते, तो प्रसंग मी कितीही वेळा पाहिला तरी त्यात अभिनयाचा सांधा मला सापडलेला नाही. तिची चाल पाहावी : पाय रोवून, टाचेवर भार देऊन ती चालते, जशी डोक्यावर ओझे वाहणारी बाई ओझे उतरवल्यावरही चालत राहते. पदर खोचण्याची पद्धत, मुलाला धरलेल्या मनगटावरची पकड, बोलताना वाक्याच्या शेवटी तुटणारा श्वास, यांतले काहीही तालीम घेऊन शिकवलेले वाटत नाही. पागनीसांच्या तुकारामाला जे तेज आहे, त्यातला अर्धा भाग समोर ही बाई उभी आहे म्हणून आहे. १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात त्या चित्रपटाचा गौरव झाला. तरीही गौरी यांच्या आयुष्याविषयी दोन पाने भरतील एवढाही मजकूर आपल्याकडे नाही. कंपनीच्या पगारावर असलेल्या माणसाचे असे होत असे. चित्रपट कंपनीचा, यश कंपनीचे, आणि ज्याचे चित्र भिंतीवर लागे त्याचे.

मराठवाड्याच्या माणसाने आवर्जून पाहावा असा आणखी एक चित्रपट म्हणजे १९३५ चा ‘धर्मात्मा’. पैठणच्या एकनाथांवरच्या या चित्रपटात बालगंधर्वांनी पुरुषभूमिका केली. चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ होते, ते परीक्षकांच्या आक्षेपामुळे बदलावे लागले. पैठण उभे राहिले ते पुण्यातल्या कंपनीच्या आवारात. बालगंधर्व पडद्यावर अवघडलेले वाटतात, हे मान्य करायलाच हवे. पण गावकरी, ब्रह्मवृंद आणि वस्तीतली माणसे झालेल्या नटांमुळे ते गाव खरे वाटते. या चित्रपटात गर्दी पुष्कळ आहे आणि चेहरे मोकळे आहेत, म्हणून ओळख पटवण्याच्या दृष्टीने तो फार उपयोगी पडतो.

या पेशाला उतरती कळा लागली ती चाळीसच्या दशकात. शांताराम १९४२ मध्ये प्रभातमधून बाहेर पडले आणि त्यांनी मुंबईत राजकमल कलामंदिर काढले. महायुद्धात कच्च्या फिल्मवर नियंत्रण आले, चित्रपट कमी झाले. जानेवारी १९४८ च्या अखेरीस गांधीहत्येनंतर उसळलेल्या जाळपोळीत कोल्हापुरात भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ जळाला. प्रभात १९५३ मध्ये बंद पडली. महिन्याचा पगार गेला आणि त्याच्या जागी दिवसाची रोजी आली. काम मुंबईत, तेही दलालाच्या ओळखीने. ज्यांना नाव होते ते तगले. बाबूराव पेंढारकरांनी तर १९५४ मध्ये आचार्य अत्रे यांच्या चित्रपटात महात्मा फुले साकारले. येवल्यात जन्मलेल्या ललिता पवार मूकपटापासून नायिकेच्या भूमिका करीत होत्या. १९४२ मध्ये चित्रीकरणात बसलेल्या चपराकीने त्यांचा चेहरा आणि डोळा अधू झाला, पुढे त्या चरित्रभूमिकांकडे वळल्या, १९४४ च्या ‘रामशास्त्री’त आनंदीबाई झाल्या आणि नंतरची चाळीसहून अधिक वर्षे काम करीत राहिल्या. फिल्मफेअरने सहायक अभिनयासाठी वेगळे पारितोषिक १९५५ मध्ये सुरू केले, म्हणजे ज्या पिढीने हा पेशा उभा केला तिची उमेद सरल्यावर. ज्यांना नाव नव्हते ते गावाकडे परतले. मराठवाड्यात परतणाऱ्यांना १९४७-४८ चा रझाकारांचा काळ आडवा आला. घरेच सोडावी लागली तिथे फोटो आणि पत्रे कोण सांभाळणार? तुमच्या घरात एक फोटो उरला, ही खरोखर भाग्याची गोष्ट आहे.

आता त्या फोटोकडे वळू. सर्वप्रथम तो चित्रपटातला आहे की फोटोग्राफरच्या दुकानात काढलेला आहे, ते ठरवा. दुकानातल्या फोटोत मागे रंगवलेला पडदा असतो, पायाखाली सतरंजी असते, उजेड समोरून सारखा पडतो आणि माणूस थेट भिंगात पाहतो. चित्रपटाच्या स्थिरचित्रात खांब, कमान, जिना असे काहीतरी खरे बांधकाम असते, उजेड एका बाजूने जास्त असतो आणि माणसाची नजर दुसऱ्या कुणाकडे असते. कपडेपटातला पोशाख मागून घेऊन दुकानात फोटो काढून घेण्याची हौस त्या काळच्या मुलांना होती, म्हणून केवळ पोशाखावरून निर्णय घेऊ नये. पोशाख आणखी एका कारणाने फसवतो : एकच अंगरखा आणि एकच शेला चार-पाच चित्रपटांत वेगवेगळ्या माणसांच्या अंगावर दिसतो. खांबांचेही तसेच. कपाळावरचा गंध जर ठार काळा आणि आकाश पांढरेफटक दिसत असेल, तर ती प्रत लाल रंगाला न जुमानणाऱ्या जुन्या प्रकारच्या काचेवरून वा फिल्मवरून आलेली आहे. चित्रपटांत त्या प्रकारची फिल्म १९३० च्या दशकाच्या सुरुवातीला मागे पडली. फोटोग्राफर मात्र ती पुढेही वापरत राहिले, तेव्हा या खुणेला आधार समजा, पुरावा समजू नका.

फोटोची मागची बाजू पाहा. कंपनीचा शिक्का, पेन्सिलीने लिहिलेला आकडा, कोपऱ्यात उमटवलेले फोटोग्राफरचे नाव, यांपैकी काहीही असले तरी शोध महिन्यांनी कमी होतो. फोटो चौकटीत चिकटवलेला असेल तर तो घरी ओढून काढू नका. कागदाचा थर सुटून येतो आणि मागचे लिखाण कायमचे जाते. हे काम जाणकाराकडून करून घ्या.

नंतर चेहरा. दाढी, मिशा, भुवया हे सगळे रंगभूषाकाराच्या हातचे असते, नाकही मेण लावून बदलता येते. कान बदलत नाहीत. पाळी गालाला चिकटलेली आहे की सुटी आहे, वरची कड किती वळलेली आहे, कान डोक्यापासून किती बाहेर आहे, हे फोटोवरून कागदावर काढून ठेवा आणि चित्रपट थांबवत थांबवत दुसऱ्या-तिसऱ्या रांगेतले कान पाहा. त्यानंतर उभे राहण्याची ढब आणि हातांची ठेवण. घरात त्यांच्यासारखे दिसणारे कुणी असेल तर त्यांनाही सोबत बसवा. नात्यातल्या माणसाला खांद्याच्या ठेवणीवरून जे पटकन उमगते ते मला तासन्‌तास पाहूनही उमगत नाही.

कोणते चित्रपट पाहायचे? कोल्हापूर आणि नंतर पुणे हा क्रम प्रभातशी तंतोतंत जुळतो, कारण ती कंपनी १९३३ मध्ये पुण्याला गेली. तेव्हा ‘अयोध्येचा राजा’पासून सुरुवात करून ‘अमृतमंथन’, ‘धर्मात्मा’, ‘संत तुकाराम’, ‘रामशास्त्री’ हे चित्रपट दोन्ही भाषांत जिथे मिळतील तिथे पाहा. ते पुण्याहून परत कोल्हापूरला गेले असण्याचीही शक्यता आहे. तसे असेल तर भालजींचे ऐतिहासिक चित्रपट विसरू नका : १९३९ चा ‘नेताजी पालकर’, १९४१ चा ‘थोरातांची कमळा’, १९४३ चा ‘बहिर्जी नाईक’. भाला आणि अंगरखा यांना तिथे भरपूर वाव होता.

छापील साधनांत सर्वांत उपयोगी पडतात त्या चित्रपटगृहात विकल्या जाणाऱ्या गाण्यांच्या पुस्तिका. त्यांत कथासार, गाणी आणि भूमिकांची यादी असते आणि पडद्यावर न आलेली काही नावे तिथे येतात. मात्र नावे पूर्ण नसतात. नुसते आडनाव, नुसते पाळण्यातले नाव, ‘मास्टर’ किंवा ‘बुवा’ लावलेले नाव असे काहीही असू शकते. घरात त्यांना कोणत्या नावाने हाक मारत, गावाच्या नावावरून आडनाव लावण्याची प्रथा घरात होती का, याची नोंद आधी करून घ्या. मुंबई सरकारच्या राजपत्रात परीक्षण झालेल्या चित्रपटांची नावे आणि लांबी मिळते, नटांची नावे मिळत नाहीत. त्यात वेळ घालवू नये. १९२७-२८ च्या चित्रपट चौकशी समितीपुढील साक्षींचे छापील खंड मात्र वाचण्यासारखे आहेत. तुमच्या माणसाचे नाव त्यांत मिळणार नाही, पण कंपन्यांचे मालक आणि नट पगाराविषयी, शिक्षणाविषयी आणि समाजाच्या दृष्टीविषयी काय बोलत होते ते कळेल.

पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे स्थिरचित्रे आणि पुस्तिका मोठ्या प्रमाणावर आहेत. जाताना मूळ फोटो नेऊ नका. त्याची दोन्ही बाजूंची मोठ्या आकारात स्कॅन केलेली प्रत न्या, आणि त्यासोबत एक पान लिहून न्या : पूर्ण नाव, हाक मारायचे नाव, गाव आणि तेव्हाचा तालुका, घर सोडल्याचे वर्ष ज्या घटनेवरून आठवले जाते ती घटना, आणि पैसे आल्याची आठवण कुणी सांगितली ते. त्या प्रतीचा एक संच संग्रहालयाला देऊन ठेवा. तिथल्या स्थिरचित्रांतल्या कितीतरी चेहऱ्यांखाली अजून नाव नाही, आणि तुमचे पान तिथे असले तर उद्या दुसऱ्याच कुणाच्या शोधात तो चेहरा सापडला तरी त्याचे नाव लावता येईल.